पातेल्यात आधी पाणी कोणी ओतलं?

"मला एक सांग, यात त्या म्हातारीची काय चूक?" आक्का म्हणाली. "घरातलेच चोर! आधी लेक येतो, पातेल्यात पाणी ओतून जातो. मग सून येते, तीही ओतते. एवढं पाणी पडल्यावर सूप मिळमिळीत होणार नाही तर काय होणार? म्हणून ती बिचारी मीठ वाढवते. आणि शेवटच्या पानावर कशी ऐटीत उभी राहून मूठ सोडतेय बघ, सगळे तोंडाकडे बघत बसलेत. मला तर पटली बाई गोष्ट. पोरगी डोक्याची आहे."

पोस्टमन मागच्या पायरीवर तिच्या शेजारी टेकला होता. पिशवी मांडीवर, टोपी गुडघ्यावर. मासिक त्यानंच आणून दिलं होतं, आणि द्यायच्या आधी वाचूनही काढलं होतं. त्यानं डोकं खाजवलं.

"आक्का, तुम्ही ते उलटं वाचलंत."

"उलटं? म्हणजे काय डोक्यावर उभी राहून?"

"अहो, मांगा म्हणतात याला, जपानी तऱ्हेची चित्रकथा. हा मागनं पुढं वाचायचा. पानं उजवीकडनं, चौकटीही उजवीकडनं. तुम्ही पहिलं म्हणून जे पान उघडता ना, ते शेवटचं. बघा, त्यावर लिहिलंय सुद्धा." त्यानं बोट ठेवलं. पानावर एक पंजा वर केलेला होता आणि खाली अक्षरं होती : थांबा, हे शेवटचं पान आहे.

"ती मला हातमोज्यांची जाहिरात वाटली," आक्का म्हणाली.

पोस्टमन हसून हसून आडवा व्हायचा बाकी राहिला. आक्का मात्र लसणाची पाकळी बोटांत तशीच धरून विचारात पडली. भाचीची ही चित्रकथा वर्षभर दर महिन्याला येत होती आणि दर महिन्याला आक्का ती डावीकडून उजवीकडे, जशी माणसं वाचतात तशी, वाचत होती. "तरीच," ती म्हणाली. "मागच्या खेपेला मासा आधी ताटात होता, मग तव्यावर गेला, आणि शेवटी जाऊन बाजारात बसला. मला वाटलं, नव्या पोरांची लिहायची तऱ्हा असेल. मग आता खरी गोष्ट काय?"

"खरी गोष्ट अशी की म्हातारीची जीभ गेलीय. चव कळेना झालीय तिला. म्हणून ती मीठ वाढवत सुटलीय. घरातल्यांना तर बोलायची बंदी, तसा नियम आहे त्यांच्यात. मग काय करतील? खारट झालं की चोरून पाणी ओततात. आणि ते जे तुम्हाला ऐटीचं पान वाटलं ना, तिथून सुरुवात आहे. शेवट हा. तिचा हात आता उतरवायचा, मीठ तिच्याकडून काढून घ्यायचं, असं सगळे ठरवतायत."

आक्कानं पाकळी टोपलीत टाकली. दुसरी घेतली. तीही न सोलताच टाकली.

"तुझं टपाल राहिलं असेल वाटायचं," ती म्हणाली.

आता ही आक्का कोण, तर तीन पिढ्यांच्या जुन्या खाणावळीची मिठाचा हात असलेली बाई. वय बासष्ट. बांधा आडवा, मनगटं कुस्तीगिरासारखी, आणि आवाज असा की बाहेरच्या टेबलावरच्या गिऱ्हाइकानं चमचा खाली ठेवावा. लग्न करून दिलं होतं, पण सासरी तिला वर्षभरातच कंटाळा आला. तिथे म्हणे जो तो येता जाता भांड्यात मीठ टाकायचा. परत आली ती चुलीपाशी बसली, आजवर उठलेली नाही.

खाणावळीत एकच पदार्थ. हाडांचं सूप, त्यात भाज्या, बरोबर पाव. पहाटे पाचला हाडं धुऊन चढवायची, वरचा फेस काढत राहायचा, कांदे थेट जाळावर काळे करून आत सोडायचे. साडेदहाला मीठ. बाराला दार उघडायचं, अडीचला लावायचं. रात्रीचं जेवण नाही. पंचवीस लिटरचं एक पातेलं संपलं की दिवस संपला.

पदार्थ एक, पण नियम ढीगभर. कांदा चिरणाऱ्यानं बोलायचं नाही, कारण डोळ्यांत पाणी आणि तोंडात शब्द एकदम आले की भांडण ठरलेलं. झाकण ज्यानं उघडलं त्यानंच लावायचं. घरच्यांनी आणि गिऱ्हाइकांनी एकाच पातेल्यातलं खायचं, वेगळं काही शिजवायचं नाही. हे सगळं कुठं लिहिलेलं नव्हतं. नव्या सुनेला पहिल्या आठवड्यात डोळे वटारून शिकवत.

आणि सगळ्यांच्या वर मिठाचे नियम. मीठ घरातल्या एकाच हाताचं. तीन मुठी, एका दमात. मूठ उघडली की हात परत पातेल्यावर जायचा नाही. मीठ घातलं की त्या बाईनं किंवा बुवानं बारापर्यंत स्वयंपाकघराबाहेर बसायचं, म्हणजे पुन्हा हात शिवशिवायला नको. चाखायचं नाही. सगळ्यांची जेवणं झाल्यावर तळाची वाटी तिनं खायची. आणि शेवटचा, तो सर्वांत कडक : त्या मिठाबद्दल घरातल्यानं चकार शब्द काढायचा नाही. खारट नाही, अळणी नाही, 'आज छान झालंय' सुद्धा नाही. मीठ हा शब्दच जेवणाच्या टेबलावर आणायचा नाही.

हा शेवटचा नियम आजोबांच्या वेळचा. आजोबा आणि त्यांचे थोरले बंधू एकत्र राबायचे. एके दिवशी थोरल्यानं वाटी खाली ठेवून 'आज समुद्रच ओतलाय की रे' म्हटलं. झालं. शब्दाला शब्द लागला, घराच्या मधोमध भिंत उभी राहिली, दोन चुली झाल्या आणि बावीस वर्षं एका भिंतीच्या दोन बाजूंना तेच सूप शिजत राहिलं. थोरला गेला तेव्हा आजोबांनी भिंत स्वतःच्या हातानं पाडली आणि नियम घातला. भिंतीची खूण फरशीवर अजून आहे. वाढपी लंबू वाट्या नेताना तिथं अजून ठेचकाळतो.

आक्काच्या हाती मीठ आलं एकोणिसाव्या वर्षी. आधी ते तिच्या थोरल्या आत्याकडे होतं. त्या आत्याची जीभ गेली तेव्हा वडिलांनी काही न बोलता तिला पुढच्या टेबलावर, गिऱ्हाइकांच्या आधी, पहिली वाटी वाढली. एवढ्यावरून तिनं ओळखलं. शेवटी जेवणारी बाई पहिल्या पंगतीला बसवली म्हणजे हात उतरवला. त्या दिवसापासून थोरली आत्या दाराशी बसून रुमालांच्या घड्या घालू लागली. अकरा वर्षं घड्या घातल्या तिनं. चुलीकडे पाठ करून बसायची. आक्काला ती पाठ अजून डोळ्यांसमोर दिसते.

म्हणून पोस्टमननं सरळ करून सांगितलेली गोष्ट तिच्या घशात हाडासारखी अडकली.

कारण तिचं एक गुपित होतं. ती आता तीन मुठी घालत नव्हती. चार घालत होती.

कसं झालं म्हणाल, तर हळूहळू. तळाची वाटी खायला बसलं की तिला सूप पांचट लागायचं. आधी चिमटीभर वाढवलं. महिन्यानं पुन्हा पांचट. मग अर्धी मूठ. कधी म्हणायची, मीठच हल्ली दमाचं येत नाही. कधी त्या नव्या धूर ओढणाऱ्या पंख्यावर खापर फोडायची, की मेला चवही ओढून नेतो. चौथी मूठ पुरी झाली तेव्हा मात्र मनात पाल चुकचुकली होती. तिनं ती झाडूनं मारली आणि कामाला लागली. आता भाचीनं त्याच पालीचं चित्र काढून, छापून, घरपोच पाठवलं होतं.

दुसरी कोणी असती तर रडली असती, नाहीतर भांडली असती. आक्काला मात्र आधी चौकशी करायची होती. जीभ गेलीय तर गेलीय. पण गेलीय का, हे तरी कळायला हवं.

त्या दिवशी संध्याकाळी तिनं पाच बटाटे उकडले, कुसकरले आणि पाच वाट्यांत घातले. एकीत काही नाही, दुसरीत एक चिमूट मीठ, तिसरीत दोन, अशी चढती. वाट्यांच्या बुडाला कोळशानं रेघा ओढल्या. मग डोळे मिटून वाट्या टेबलावर गरागरा फिरवल्या. तेवढ्यात भावजय आत आली.

"वन्सं, हे काय चाललंय?"

"जुगार," आक्का म्हणाली. "जा तू."

भावजय गेली. आक्कानं मिटल्या डोळ्यांनी चाखून चाखून वाट्या ओळीत लावल्या आणि मग एकेक उलथी करून पाहिली. बिनरेघेची, एक, दोन, तीन, चार. पुन्हा फिरवल्या, पुन्हा लावल्या. पुन्हा बरोबर. तिसऱ्यांदाही बरोबर आल्यावर तिनं पाचही वाट्यांतला लगदा एका ताटात लोटला. जीभ धडधाकट होती. मग चार मुठी घालून सूप पांचट का?

तेव्हा तिला आपलं उलटं वाचन आठवलं. आधी पाणी, मग मीठ.

दुसऱ्या दिवशी साडेदहाला मीठ घालताना तिनं पहिल्यांदा पातेल्यात नीट डोकावून पाहिलं. कडीचे खिळे आतून दिसतात, त्यांची दोन डोकी. सूप त्या डोक्यांच्या चार बोटं खाली होतं. तिनं झाकण लावलं, हात धुतला, पायरीवर जाऊन लसूण सोलला. बाराला आत येऊन झाकण उचललं. खिळ्यांची डोकी बुडाली होती.

दीड तास मंद जाळावर ठेवलेलं पातेलं आटायचं सोडून भरतंय! विहिरीला झरा असतो, पातेल्याला कधी ऐकलाय? आणि हेही तिच्या ध्यानात आलं की अलीकडे अडीचला तळाशी बरंच उरायचं. गिऱ्हाईक रोडावलंय असं ती समजत होती. गिऱ्हाईक तेवढंच होतं, पातेलंच वाढत होतं.

तिसऱ्या दिवशी तिनं चपला पायरीवर सोडल्या, त्यांच्या शेजारी लसणाची टोपली ठेवली, रेडिओ लावला आणि अनवाणी परत आत येऊन पावाच्या मांडणीमागे एका पालथ्या खोक्यावर बसली. बासष्टाव्या वर्षी, ते आडवं शरीर त्या बोळात कोंबून. पावाचा वास नाकात जाऊन शिंक येत होती, ती तिनं पदरात दाबली.

पावणेअकराला भावजय आली. दाराकडे पाहिलं, मागच्या चुलीवरची उकळत्या पाण्याची किटली उचलली आणि अर्धीअधिक पातेल्यात रिकामी केली. झाकण लावलं, गेली.

अकराला लंबू आला. वीस वर्षं वाढपी आहे, ताडमाड उंच, चालताना नेहमी मान वाकवून. खिशातून फडक्यात बांधलेले दोन सोललेले बटाटे काढले आणि दोऱ्यानं पातेल्यात सोडले, विहिरीत घागर सोडावी तसे. बटाटा मीठ ओढतो म्हणतात. दोऱ्याचं टोक कडीला बांधून तो शीळ घालत गेला.

आक्कानं तोंडात पदराचा बोळा कोंबला. हसावं की बोंब मारावी कळेना.

आणि सव्वाअकराला भाऊ आला. आक्काचा धाकटा भाऊ. साठीला दोन वर्षं कमी, डोक्यावर एक काळा केस नाही, पण घरात अजून 'धाकटाच'. खाणावळीचं दार, गल्ला, पाव आणणं सगळं त्याच्याकडे. चुलीशी त्याचा संबंध नाही. तो चोरपावलांनी आला, दोरा आक्काचाच समजून बाजूला सारला, किटलीत उरलेलं पाणी ओतलं, नळाखाली ती भरली, पुन्हा चुलीवर ठेवली आणि पातेल्याचं झाकण अगदी जपून, उघडलं त्याच हातानं लावलं. चोरी करतानाही नियमाला धरून.

तिघांपैकी एकालाही बाकीच्या दोघांचा पत्ता नव्हता.

दुपारी अडीचला दार लावल्यावर आक्कानं सगळ्यांना टेबलाशी बसवलं. भाऊ, भावजय, लंबू. स्वतः उभी.

"मला पाण्याबद्दल बोलायचंय," ती म्हणाली. "पाण्याबद्दल बोलायला या घरात बंदी नाही, बरोबर?"

तिघं एकदम टेबलाकडे बघायला लागले. टेबलावर बघण्यासारखं काही नव्हतं.

"लंबू, तू पाणी ओतत नाहीस, तू बटाटे पोहायला सोडतोस. कधीपासून?"

लंबूच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या. "तीन महिने, आक्का. गिऱ्हाईक पाणी फार मागायला लागलं. एका टेबलाला दोन दोन जग. माझ्या पायाचे तुकडे पडायचे हो. आणि बोलणार कसं? मी घरातला नाही, पण घरातलाच की."

"ते बटाटे नंतर कुठं जातात?"

"खातो मी." मग खालच्या आवाजात, "फार छान लागतात."

"तू गं?"

भावजयीनं पदर सावरला. "नव्या खुर्च्या आल्या तेव्हापासून. चार महिने झाले असतील. वन्सं, आईशपथ, तुमचा हात काढावा असं मनात सुद्धा नव्हतं. उलट कुणाला कळू नये म्हणूनच ओतत होते."

"म्हणजे तुला वाटलं माझी जीभ गेली."

भावजयीनं मानेनंच हो म्हटलं.

"आता तू, धाकट्या."

"मी नाही," भाऊ म्हणाला.

"पावाच्या मांडणीमागे होते मी. आज."

"आज एकदाच."

"किटली भरून ठेवायची तुला सवय आहे. एकदाच करणारा माणूस किटली तशीच टाकून पळतो. कधीपासून?"

भाऊ खुर्चीत सरकला. चष्मा काढला, पुसला, घातला. "पंखा बसवला ना, त्याच्या आधी महिनाभर."

आक्का खाली बसली. पंखा येऊन दहा महिने झाले होते, आणि तिची पहिली जास्तीची चिमूट पंख्यानंतरची होती. खापर त्याच्यावरच फोडलं होतं ना. म्हणजे भाऊ ओतायला लागला तेव्हा पातेल्यात तीनच मुठी पडत होत्या. बिनचूक तीन, त्रेचाळीस वर्षं पडत होत्या तशा.

"तेव्हा खारट नव्हतं," ती म्हणाली. "मग का ओतलंस?"

भावानं खिशातून चष्म्याचं घर काढलं. त्यातून चौघडी घातलेला, घड्यांवर फाटत आलेला कागद काढून टेबलावर ठेवला. डॉक्टरची चिठ्ठी होती. रक्तदाबाचे आकडे, दोन गोळ्या, आणि खाली मोठ्या अक्षरांत : मीठ कमी करा.

"मग सांगायचं नाही होय रे?"

"कसं सांगू? चिठ्ठीवरचा पहिलाच शब्द तो. टेबलावर आणायचा नाही ना! आणि वेगळं शिजवायचं नाही, पातेलं एकच. म्हटलं, दोन पळ्या पाणी घालू, कोणाला कळतंय. घातलं. बरं चाललं होतं महिनाभर. मग पुन्हा खारट लागायला लागलं, म्हणून चार पळ्या. मग पुन्हा..." तो थांबला. "तू वाढवत होतीस काय?"

"चार मुठी," आक्का म्हणाली.

लंबूला हिशेब सगळ्यात आधी कळला. त्याच्या तोंडून हसू फुटलं, ते त्यानं खोकला म्हणून खपवायचा प्रयत्न केला, पण खोकला एवढा लांब नसतो.

"येड्या," आक्का भावाला म्हणाली. "चिमूटभर मीठ चुकवायला तू अख्ख्या वस्तीला अकरा महिने पाणी पाजलंस. आणि स्वतः काय खाल्लंस? तेवढंच मीठ, वर पाणी!"

"डॉक्टर म्हणतो, आकडे वाढलेत, तुम्ही पथ्य पाळत नाही. मी शपथेवर सांगतो, रोज किटली ओततो. तो माझ्याकडे असा बघतो की..."

"अकरा महिने?" भावजय मध्येच उसळली. तिचा आवाज आधी कधी कोणी एवढा चढलेला ऐकला नव्हता. "अकरा महिने कागद चष्म्याच्या घरात लपवून ठेवलात? आणि मी तुमच्या पायाला तेल चोळतेय, सूज कशानं येते म्हणून! माझ्या हाताची सालं निघाली चोळून चोळून!"

"तुला सांगितलं असतं तर तू आक्काला..."

"सांगितलंच असतं! भिंत पडली असती तर पडली असती!"

आक्कानं हात वर केला. "भिंत पडत नसते, उभी राहते. आणि आता ती राहायची नाही. बसा गप." मग स्वतःशीच बोलल्यासारखी म्हणाली, "चौथी मूठ माझी. ती मला कोणी बळंच धरायला लावली नव्हती. पांचट लागलं तेव्हा झाकण उघडून बघायचं होतं मी. मी पंख्याला शिव्या घालत बसले."

त्या दुपारी तिनं भाचीला फोन लावला. भाची दुसऱ्या शहरात, एका खोलीत, दिवसभर चौकटी आखत बसते. फोनवर तिचा आवाज आधीच दबका होता. तिला मासिक पोचल्याची तारीख ठाऊक होती.

"आत्या, वाचलंस?"

"दोन्हीकडनं वाचलं. मला एवढंच सांग, तुला कुणी सांगितलं?"

"कुणी नाही. सुट्टीत आले होते तेव्हा आईला किटली ओतताना पाहिलं. मला वाटलं... तुला कोणीच सांगणार नाही हे माहीत होतं. बोलायचं नाही असा नियम आहे. काढायचं नाही असा कुठंय?"

आक्काला ते उत्तर आवडलं, पण तसं दाखवेल तर ती आक्का कसली. "काढलंस, पण चुकीचं काढलंस. म्हातारीची जीभ शाबूत आहे. पाणी आधी पडलं, मीठ मागनं. मी उलटं वाचलं तेच बरोबर होतं."

"म्हणजे? आधी पाणी कोणी ओतलं?"

"तुझ्या बापानं."

पलीकडे पेन्सिल खाली पडल्याचा आवाज आला. मग आक्कानं सगळं सांगितलं. चिठ्ठी, चष्म्याचं घर, बटाटे. मध्येच भाचीचं हसू आणि मध्येच रडू, कुठलं कुठं संपतं ते फोनवर कळेना.

"आत्या, मी पुढच्या भागात तिचा हात उतरवणार होते. पानं आखून झालीत. ती दाराशी बसून..."

"रुमालाच्या घड्या घालणार होती."

"हो."

"खोड ते," आक्का म्हणाली. "आणि बापाला फोन कर. पाण्याबद्दल बोल त्याच्याशी. चांगलं दोन तास बोल."

दुसऱ्या दिवशी सकाळी दहा वाजता आक्कानं मांडणीवरून एक लहान पातेली उतरवली. धुतली, मोठ्या पातेल्यातून चार पळ्या सूप तिच्यात काढलं आणि शेजारच्या चुलीवर ठेवलं. मीठ पडायच्या आधी.

भाऊ दारातून बघत होता. "आक्का, पातेलं एकच असतं."

"आजोबांना रक्तदाब नव्हता."

"पण नियम..."

"नियम भिंतीसाठी केला होता, तुझ्या नाडीसाठी नाही. तुझ्यात मीठ नाही, लिंबू पिळून खायचंस. तोंड वाकडं केलंस तरी चालेल, पण बायकोसमोर खायचंस."

मग तिनं मिठाच्या बरणीत हात घातला. एक. दोन. तीन. तिसरी मूठ सुटल्यावर हाताला चौथीची इतकी सवय झाली होती की बोटं पुन्हा बरणीकडे वळली. तिनं डाव्या हातानं उजवं मनगट धरलं, आणि तशीच, स्वतःला पकडून नेल्यासारखी, बाहेर गेली.

त्या दिवशी किटली चुलीवर नव्हती. लंबूच्या खिशात बटाटे नव्हते. त्याला जरा वाईटच वाटलं. गिऱ्हाइकं आली, जेवली, गेली. पोस्टमननं एकच पेला पाणी घेतलं आणि 'आज काहीतरी वेगळंय' म्हणून वाटी पुसून खाल्ली. अडीचला पातेल्याच्या तळाशी नेमकं दोन वाट्या सूप उरलं होतं.

आक्का टेबलाशी बसली. वाटी पुढे ओढली, पण चमचा उचलला नाही. "आधी तुम्ही बोला," ती म्हणाली. "आजपासून बोलायचं. खारट असेल तर खारट, अळणी असेल तर अळणी. भिंत बांधायला इथं कोणाला येत नाही, त्यामुळे घाबरायचं काम नाही. हां, सांगा. मीठ कसं झालंय?"

भावजयीनं तोंड उघडलं, मिटलं. लंबूनं घसा खाकरला आणि भावाकडे पाहिलं. भाऊ म्हणाला, "माझ्यात नव्हतंच." आजोबांच्या वेळचं कुलूप, किल्ली दिली म्हणून लगेच थोडंच उघडतं? भावजयीनं पेलाभर पाणी रिचवलं, पदराचं टोक बोटाला गुंडाळलं आणि डोळे मिटून, परीक्षेत उत्तर द्यावं तसं, म्हणाली :

"वन्सं, मीठ बरोबर आहे."

आक्कानं चमचाभर तोंडात घेतलं. जिभेवर घोळवलं. बरोबर होतं. तिनं लगेच दुसरा चमचा भरला.

"पण," भावजय म्हणाली. डोळे अजून मिटलेलेच. "कांदे तुम्ही फार जाळता. वर्षानुवर्षं. कडवट लागतं मागून."

"लागतं," लंबू पटकन म्हणाला. "गिऱ्हाईकही म्हणतं, आक्का. आणि तो पाव खालून ओला राहतो, तो..."

"आणि गाजर इतकं मोठं कापू नये," भाऊ म्हणाला. "चमच्यात मावत नाही. माझ्या लहानपणापासून मावत नाही."

"थांबा!" आक्कानं टेबलावर हात आपटला. वाट्या उडाल्या. "मी मिठाबद्दल बोला म्हटलं होतं! कांदे, पाव, गाजर कोणी काढायला सांगितलं? एक दार उघडलं तर सगळी वरातच आत!"

कोणी गप्प बसलं नाही. भावजयीचं तर आता हाडांवर सुरू झालं होतं, की ती भिजवून घ्यावीत. आक्का उठली. वाटी संपवून नळाखाली धरली, धुतली, पालथी घातली. मग मागच्या टोपलीतून उद्याचा एक कांदा उचलला, जाळ मोठा केला आणि चिमट्यात धरून तो वर धरला. सालं तडतडली. एक बाजू तपकिरी झाली तशी रोजच्यापेक्षा खूप आधी तिनं तो खाली घेतला, फोडला आणि नाकाशी नेला. मागे तिघांचा गलका चालूच होता. तिनं दुसरा कांदा घेतला, तो नेहमीसारखा काळा कोळसा होईपर्यंत भाजला, फोडला, आणि दोन्ही अर्धुकं दोन हातांत धरून आळीपाळीनं हुंगत राहिली.

"लंबू, सुरी आण," ती म्हणाली. "आणि हाडांची घमेली नळाखाली लाव, भिजू देत. चार वाजत आले."